उसासारख्याच कोंबडीलाही अवस्था असतात



या वार्तापत्रात मी नेहमी उसावर लिहितो. बेणे कसे निवडावे, लागण कधी करावी, मोठ्या बांधणीला खताचा हप्ता किती द्यावा, हे वाचून वाचून तुम्हाला पाठ झाले असेल. या अंकात मात्र परसातल्या कोंबडीविषयी लिहिणार आहे. ऊस विकास अधिकारी कोंबड्यांच्या मागे कुठे लागला, असे काही जण म्हणतील. म्हणू द्या. पण गेल्या काही वर्षांत वसमत, कळमनुरी, औंढा भागांत प्लॉट पाहायला गेलो की आखाड्यावर चहा देता देता घरातल्या बाया हमखास एकच विचारतात, "साहेब, उसाचं तर सांगता, पण आमच्या कोंबड्या दरसाल मरतात त्याचं काय?"

प्रश्न साधा आहे, पण हलका नाही. उसाचे बिल हंगामात येते आणि त्यातले बरेचसे सोसायटीच्या कर्जात वळते होते. सोयाबीन आणि हळद वर्षातून एकदाच घरात येते. अंड्यांचा पैसा तेवढा दर आठवड्याला बाजाराच्या दिवशी येतो, आणि तो घरच्या बाईच्या हातात राहतो. तेल-मीठ, लेकरांच्या वह्या, दवाखान्याची चिठ्ठी, एवढे त्यातून भागते. दहा कोंबड्या एका आठवड्यात मेल्या तर त्याची नोंद कोणत्याही खातेवहीत होत नाही. घराला मात्र ती कळते.

मला सांगायचे आहे ते एवढेच. कोंबडी नशिबाने मरत नाही. ती ठरावीक वयात, ठरावीक कारणाने मरते. उगवण, फुटवे, जोमाची वाढ आणि पक्वता या उसाच्या चार अवस्था आपण ओळखतो आणि त्याप्रमाणे पाणी-खत देतो. पक्व झालेल्या उसाला कोणी युरिया टाकत नाही. कोंबडीला मात्र पहिल्या दिवसापासून म्हातारपणापर्यंत एकच वागणूक: सकाळी खुराडे उघडायचे, संध्याकाळी झाकायचे. म्हणून तिच्या अवस्था क्रमाने पाहू.

१) अंडे : एकवीस दिवस

उबवणीचे अंडे हे आपले बेणे समजा. बेणे रोगट असले तर पुढचे सगळे वाया. अंडे मध्यम आकाराचे, स्वच्छ, तडा न गेलेले घ्यावे. नुसते कोंबडीने घातले म्हणून अंड्यातून पिल्लू निघत नाही. कळपात कोंबडा असेल तरच अंडे फळते. आठ ते दहा माद्यांना एक कोंबडा पुरतो.

अंडी साठवताना टोकाची बाजू खाली ठेवावी. थंडीत आठवडाभर चालतात. उन्हाळ्यात तीन-चार दिवसांपेक्षा जुनी अंडी बसवू नयेत. आपल्याकडे मे महिन्यात पारा ४२ अंशांच्या पुढे जातो. अशा उकाड्यात अंड्यातला जीव कोंबडी बसायच्या आधीच अर्धवट वाढू लागतो आणि मरतो. म्हणूनच "वैशाखात बसवलेली अंडी नासतात" हा आपल्या बायांचा अनुभव खरा आहे. अंडी ओल्या वाळूवर ठेवलेल्या टोपलीत, घरातल्या सर्वांत गार कोपऱ्यात ठेवली तर फरक पडतो.

गावरान कोंबडी खुडूक झाली की तिच्याखाली दहा ते बारा अंडी पुरेत. पंधरा-सोळा ठेवली तर कडेची गार पडतात. तिला संध्याकाळी, अंधार पडताना बसवावी, म्हणजे ती उठून जात नाही. बसण्यापूर्वी तिच्या अंगावरच्या उवा-पिसवांचा बंदोबस्त करावा, नाहीतर ती अंगाला चावा बसतो म्हणून अंडी सोडून पळते. दाणा-पाणी जवळच ठेवावे. ती दिवसातून एकदा थोडा वेळ उठते, खाते, विष्ठा टाकते आणि परत बसते. तेवढ्याने अंडी बिघडत नाहीत.

आत काय चालते ते पाहा. तिसऱ्या दिवसापर्यंत इवलेसे हृदय धडधडू लागलेले असते. सातव्या दिवशी रात्री अंड्यामागे बॅटरी धरली तर कोळ्याच्या जाळ्यासारख्या लाल शिरा आणि मध्ये काळा ठिपका दिसतो. ज्यात काहीच दिसत नाही ते अंडे वांझ. ते काढून टाकावे. नासलेले अंडे फुटले तर चांगल्यांनाही घाण लागते. कोंबडी स्वतः चोचीने अंडी दिवसातून अनेकदा फिरवते. तसे न फिरवता पिल्लू एका बाजूला चिकटते. शेवटच्या तीन दिवसांत मात्र अंड्यांना हात लावू नये. तेव्हा पिल्लू आत जागा धरते, रुंद टोकाकडच्या हवेच्या पोकळीत चोच घालून पहिला श्वास घेते आणि चोचीवरच्या बारीक दाताने कवच फोडते. कवच फोडायला त्याला बराच वेळ लागतो. घाई करून आपण कवच सोलू नये, रक्त येऊन पिल्लू दगावते.

२) पिल्लू : पहिले आठ आठवडे

सगळा तोटा इथेच होतो. उसात उगवणीला तुटाळ पडली तर पुढे कितीही खत घाला, एकरी उतारा भरून निघत नाही. तसेच हे आहे. आमच्या घरी आणि पाहिलेल्या अनेक घरी हिशोब असाच निघाला: बारा पिल्ले निघाली, महिन्याने सात राहिली, दोन महिन्यांनी चार. आणि घरचे म्हणतात, "घारीनं नेली." घारीने एखादे नेले असेल. बाकीची थंडीने, ओलीने, मुंगसाने, मांजराने आणि रोगाने गेलेली असतात.

पिल्लू निघते तेव्हा पोटात बलकाचा शिल्लक भाग घेऊन येते. त्यावर ते दोन-तीन दिवस तग धरते. म्हणून पहिल्या दिवशी त्याला खाण्यापेक्षा पाण्याची गरज जास्त असते. उकळून गार केलेल्या पाण्यात थोडा गूळ विरघळवून द्यावा. आपल्या भागात गुळाला तोटा नाही. मग मक्याचा किंवा ज्वारीचा बारीक भरडा कागदावर पसरावा. पाण्याचे भांडे उथळ असावे, त्यात दोन-चार खडे टाकावेत. खोल ताटलीत बुडून मेलेली पिल्ले मी स्वतः पाहिली आहेत.

पिल्लाला पिसे येईपर्यंत, म्हणजे तीन-चार आठवडे, स्वतःच्या अंगाची ऊब धरता येत नाही. आई असेल तर ती पंखाखाली घेते. विकत आणलेल्या एक दिवसाच्या पिल्लांना ती ऊब आपण द्यायची असते. पहिल्या आठवड्यात सुमारे ३५ अंश सेल्सिअस, आणि पुढे दर आठवड्याला तीन अंशांनी कमी. थर्मामीटर नसला तरी अडत नाही, पिल्लेच सांगतात. सगळी बल्बाखाली एकमेकांवर चढून चिवचिवत असतील तर त्यांना थंडी वाजते. बल्बापासून लांब जाऊन चोची वासून बसली असतील तर उकडते. सगळीकडे सारखी पसरून खात असतील तर ऊब बरोबर आहे. रात्री लाइट जाते हे धरून चालावे आणि माठात निखारे घालून वर जाळी ठेवण्याची तयारी ठेवावी. मात्र खोलीत धूर कोंडू देऊ नये.

खाली भुशाची किंवा बारीक तोडलेल्या कोरड्या पाचटाची दोन-तीन इंच गादी असावी. ती ओली झाली की रक्ती हगवण आलीच. पावसाळ्यात पिल्ले पिसे फुगवून, माना खाली घालून बसली आणि विष्ठेत रक्त दिसले तर वाट पाहू नये. त्याच दिवशी गुरांच्या दवाखान्यातून औषध आणावे आणि गादी बदलावी.

खाद्याविषयी एक गोष्ट मुद्दाम सांगतो, कारण आपला भाग सोयाबीनचा आहे. कच्चे सोयाबीन कोंबड्यांना घालू नका. कच्च्या दाण्यात असा घटक असतो की खाल्लेली प्रथिने पचत नाहीत आणि वाढ खुंटते. ते चांगले भाजून, भरडून घातले तर उत्तम प्रथिने मिळतात. पिल्लांच्या खाद्यात पाचवा हिस्सा तरी प्रथिने हवीत. नुसत्या ज्वारीच्या कण्यांवर ती जगतात, पण वाढत नाहीत. आपल्या आज्या मडक्यात शेण आणि ओली गोणपाटाची चिंधी घालून ते बांधावर पालथे घालत आणि वाळवी धरून पिल्लांना टाकत. ती युक्ती आजही फुकटची आणि पूर्ण शास्त्रीय आहे.

३) तलंग : दोन ते सहा महिने

आठ आठवड्यांची झाली की आई पिल्लांना चोच मारून हाकलते. तेव्हापासून मादीला आपण तलंग म्हणतो. तुरा कोणाचा मोठा होतो ते पाहून नर आणि मादी आता सहज वेगळे करता येतात. ही उसाच्या जोमाच्या वाढीची अवस्था. मर कमी होते, खाणे वाढते. शासनाच्या परसातील कुक्कुटपालनाच्या योजनांत आठ-दहा आठवड्यांच्या तलंगा दिल्या जात आल्या आहेत, त्यामागचा हिशोब हाच आहे: मरण्याचे वय मागे पडलेले असते.

या वयात तीन कामे करावीत. पहिले, दर दोन-तीन महिन्यांनी जंताचे औषध. उकिरड्यावर चरणाऱ्या कोंबडीच्या पोटात जंत असणारच, आणि आपण घातलेला दाणा तेच खातात. दुसरे, रात्रीची जागा. मोठ्या पक्ष्याला दोन चौरस फूट तरी जागा हवी आणि बसायला आडवी दांडी हवी. डालग्याखाली पंधरा कोंडल्या तर त्या एकमेकींची पिसे उपटतात. तिसरे, जास्तीचे नर वेळेवर विकणे.

विक्रीचा हिशोब उलटा करावा. गावरान कोंबड्याला चांगला भाव आखाडात मिळतो, श्रावण लागला की मागणी बसते. आखाड बहुधा जुलैत येतो. त्यावेळी नर साडेपाच महिन्यांचा हवा असेल तर पिल्ले फेब्रुवारीच्या सुरुवातीला निघाली पाहिजेत, म्हणजेच अंडी संक्रांतीच्या सुमारास बसवली पाहिजेत. ही पिल्ले कडक ऊन लागायच्या आत दोन महिन्यांची होतात, पावसाळ्याची ओल लागेपर्यंत तलंगा होतात, आणि त्यांतल्या माद्या पुढच्या थंडीत अंड्यांवर असतात. थंडीत अंड्याला भावही बरा असतो. एक तारीख साधली की चार गोष्टी साधतात. उसाच्या लागणीची तारीख आपण जपतो, तशी ही जपावी.

४) अंड्यावरची कोंबडी

गावरान तलंग सहा-सात महिन्यांची झाली की तिचा तुरा लालबुंद होतो, ती कोपरे धुंडाळते, वेगळा आवाज काढते. आता ती अंड्यावर येणार. पहिली अंडी लहान असतात. त्यात काळजी करण्यासारखे काही नाही.

एक अंडे तयार व्हायला सुमारे पंचवीस तास लागतात. त्यातले वीस तास नुसते कवच चढायला जातात. म्हणून आज सकाळी अंडे दिले तर उद्या थोडे उशिरा, परवा आणखी उशिरा, आणि मग एक दिवस खाडा. कवच बहुतेक चुन्याचेच असते. तो चुना खाद्यातून मिळाला नाही तर कोंबडी तो स्वतःच्या हाडांतून काढते. पातळ कवचाचे किंवा बिनकवचाचे अंडे दिसले की घरात अपशकुनाची कुजबूज सुरू होते. अपशकुन काही नाही, चुना कमी पडला आहे. शिंपल्यांचा चुरा किंवा चुनखडीचे बारीक खडे एका करवंटीत ठेवा. लागेल तेवढे ती स्वतः खाते. दिवसभर चरून आल्यावर संध्याकाळी मूठभर भरडधान्य आणि थोडी पेंड दिली की तिचे भागते. पाणी मात्र सावलीत आणि स्वच्छ हवे. उन्हाळ्यात तिला घाम येत नाही, ती चोच उघडून धापा टाकते. पाणी नसेल तर अंडी बंद होतात, आणि पुढे कोंबडीही जाते.

आता नेहमीची तक्रार: "गावरान कोंबडी अंडी फार कमी देते." खरे आहे, वर्षाला पन्नास-साठ. पण ती आळशी आहे म्हणून नव्हे. तिचा कामाचा हिशोब मांडा. पंधरा-वीस दिवस अंडी घालते, एकवीस दिवस बसते, पन्नास-साठ दिवस पिल्ले सांभाळते. म्हणजे एका फेऱ्याला सुमारे तीन महिने. वर्षात असे तीन, फार तर चार फेरे. अंडी घालायला तिला वर्षातले दोन महिने मिळतात, बाकी दहा महिने ती उबवणी यंत्र आणि दाई या दोघांचे काम करते. पिल्ले तीन आठवड्यांची झाल्यावर वेगळी करून आपण ऊब दिली तर ती लवकर पुन्हा अंड्यावर येते. यासाठी दुसरी कोंबडी विकत आणावी लागत नाही.

सुधारित जातींत हैदराबादच्या संशोधन संस्थेने काढलेल्या वनराजा आणि ग्रामप्रिया, तसेच बंगळूरच्या कृषी विद्यापीठाची गिरिराजा या परसातल्या पालनासाठीच आहेत. त्या गावरानच्या दुप्पट किंवा त्याहून अधिक अंडी देतात, कारण त्या सहसा खुडूक होत नाहीत. पण हाच त्यांचा उणेपणाही आहे. त्यांची अंडी उबवायला गावरान कोंबडीच लागते. शिवाय घरच्या घरी त्यांची पिढी वाढवली तर गुण उतरत जातात. म्हणून दोन्ही ठेवाव्यात: थोड्या गावरान, थोड्या सुधारित. आणि कोंबडा दरवर्षी दुसऱ्या गावातून बदलून आणावा. सोयरीक आपण भावकीत करत नाही. कोंबड्याच्या बाबतीत मात्र बाप-लेकीचा संसार चालू असतो आणि मग "जात बिघडली" म्हणून आपण रडतो.

५) पीस झडणे आणि म्हातारपण

साधारण दीड वर्षाची झाली की कोंबडी पिसे टाकते. दोन-तीन महिने अंडी बंद राहतात, ती केविलवाणी दिसते. अनेक घरी याच वेळी ती रोगी समजून मातीमोल विकतात. हा रोग नव्हे. हा तिचा खोडवा फुटण्याचा काळ आहे. नवी पिसे आली की ती परत अंड्यावर येते. जी उशिरा आणि पटकन पिसे टाकते ती चांगली अंड्याची कोंबडी. जी लवकर टाकते आणि महिनोन् महिने तशीच राहते ती कमी अंड्याची.

दुसऱ्या वर्षी अंडी थोडी कमी, पण मोठी मिळतात. तिसऱ्या वर्षापासून घट जास्त होते. तिसरा-चौथा खोडवा राखून उतारा घटतो हे आपण जाणतो, तोच न्याय इथे लावावा. कोणती ठेवावी आणि कोणती विकावी हे हाताने कळते. शेपटीखालच्या दोन हाडांत दोन-तीन बोटे मावली तर कोंबडी अंड्यावर आहे. एकच बोट कसेबसे मावले, तुरा फिका आणि सुकलेला असला तर ती अंड्यावर नाही. चांगली आई असलेली एखादी म्हातारी मात्र जरूर ठेवावी, ती दुसऱ्यांची पिल्लेही वाढवते.

कधी कधी म्हातारी कोंबडी आरवते. लोक घाबरतात आणि तिची मान मुरगळतात. कोंबडीच्या पोटात डावीकडचेच अंडाशय काम करते. ते निकामी झाले की नराचे गुण वर येतात आणि ती आरवते. घरावर काही येत नाही.

मानमोडी : माझी स्वतःची चूक

या सगळ्या अवस्था सांभाळल्या आणि लस टोचली नाही, तर एका आठवड्यात सगळे शून्य होते. राणीखेत, ज्याला आपण मानमोडी म्हणतो, तो रोग कोणतीही अवस्था पाहत नाही. १९२७ च्या सुमारास आजच्या उत्तराखंडातल्या राणीखेत गावी त्याची साथ नोंदली गेली, त्यावरून हे नाव पडले. हिरवी पातळ विष्ठा, धाप, वाकडी मान, लुळे पंख. लस न दिलेल्या कळपात मागे क्वचितच काही उरते. यावर औषध नाही, फक्त लस आहे.

क्रम असा: पहिल्या आठवड्यात डोळ्यात किंवा नाकात लासोटाचा थेंब, दुसऱ्या आठवड्याच्या शेवटी गंबोरोची लस, चौथ्या आठवड्यात पुन्हा लासोटा, सहा-सात आठवड्यांना देवीची लस, आणि आठव्या-नवव्या आठवड्यात राणीखेतची टोचणी. पुढे सहा-सहा महिन्यांनी पुन्हा. टोचणी गुरांच्या डॉक्टरांच्या किंवा त्यांनी शिकवलेल्या माणसाच्या हातूनच घ्यावी.

आता माझी गोष्ट. काही वर्षांपूर्वी एप्रिल महिन्यात मी घरच्या आणि शेजारच्या कोंबड्यांसाठी लस आणली. बर्फाचा डबा नेला नव्हता. कुपी मोटारसायकलच्या डिकीत ठेवली, वाटेत दोन प्लॉट पाहिले, आणि दुपारी घरी पोचून लस टोचली. डिप्लोमा झालेला माणूस मी, मला हे कळायला हवे होते. ही लस जिवंत असते. ऊन लागले की ती मरते आणि उरते नुसते पाणी. तीन आठवड्यांनी मानमोडी आली. आमच्या तेवीसपैकी चार कोंबड्या राहिल्या. शेजारच्या आजीच्या नऊच्या नऊ गेल्या. नातीच्या शाळेच्या खर्चासाठी त्या तिने राखल्या होत्या. आजी मला एवढेच म्हणाली, "साहेब, तुमी औषध देल्यावरच मेल्या की माह्या कोंबड्या."

मी तिला चूक सांगितली, कोंबड्या भरून दिल्या. पण त्या गल्लीत पुढची दोन वर्षे कोणी लस टोचू दिली नाही. नऊ कोंबड्या परत देता आल्या. बसलेला विश्वास उठला, तो परत द्यायला फार वेळ लागला. म्हणून सांगतो, लस दवाखान्यातून घरापर्यंत बर्फात आली पाहिजे, पाण्यात मिसळल्यावर दोन तासांत संपली पाहिजे, आणि उन्हाच्या आधी, सकाळी दिली पाहिजे.

एकट्याचे काम नव्हे

इथेच खरी अडचण आहे. लसीची कुपी शंभर किंवा जास्त मात्रांची येते आणि घरी कोंबड्या असतात आठ-दहा. एका घरासाठी कोण कुपी फोडणार? आणि एका घराने दिली तरी रोग काही कुंपण पाहत नाही. शेजारचा आजारी पक्षी, बाजारातून परत आणलेला न विकलेला कोंबडा, चपलेला लागलेली घाण, एवढे त्याला पुरते. जानेवारी २०२१ मध्ये शेजारच्या परभणी जिल्ह्यातल्या मुरुंबा गावी बर्ड फ्लू आढळला, तेव्हा परिसरातले पक्षी नष्ट करावे लागले. तो रोग वेगळा, माणसालाही धोक्याचा. पण धडा तोच: एका दारचा रोग गावाचा असतो. म्हणून एकाएकी पक्षी पटापट मरू लागले तर ते खाऊ नयेत, विकू नयेत, नदी-ओढ्यात टाकू नयेत. दवाखान्याला लगेच कळवावे आणि ते सांगतील तसे चुना टाकून खोल पुरावेत.

हंगामात आणखी एक गोष्ट घडते. ऊसतोडणीच्या टोळ्या येतात, त्या संसारासोबत डालग्यात कोंबड्याही आणतात. कोप्यांपाशी त्यांच्या आणि आपल्या कोंबड्या एकत्र चरतात. त्यांचा रोग आपल्याकडे येतो तसा आपला त्यांच्याकडे जातो. दोष टोळीचा नाही. त्या माउलीच्याही त्या चारच कोंबड्या असतात.

माझी सूचना अशी. प्रत्येक गल्लीने किंवा वस्तीने दहा-बारा घरांचा गट करावा. कोणाकडे किती पक्षी, किती वयाचे, याची एका वहीत नोंद करावी. वर्षातून दोन दिवस ठरवावेत: एक दसऱ्याच्या आसपास, गाळप सुरू होण्यापूर्वी, आणि दुसरा गुढीपाडव्याच्या आधी, ऊन तापण्यापूर्वी. त्या सकाळी खुराडी उघडायच्या आधी सगळ्यांच्या कोंबड्यांना एकदम लस द्यावी. टोळ्या आल्या की कोप्यांवरच्या कोंबड्यांसाठी आणखी एक सकाळ काढावी. कुपीचा खर्च वाटून घेतला तर घरटी चहाच्या पैशांत काम होते. गटाने यादी आमच्या गट कार्यालयात द्यावी. पशुवैद्यकीय दवाखान्याशी बोलून दिवस ठरवण्याचे आणि बर्फाचा डबा घेऊन येण्याचे काम मी स्वतः करीन. या वेळी डबा विसरणार नाही.

एकेकट्याचा ऊस एकेकट्याने गाळता येत नव्हता, म्हणून आपण कारखाना उभा केला. कुपीचे गणितही तेच आहे. आमच्या शेजारच्या आजीने यंदा पुन्हा अंडी बसवली आहेत. संक्रांतीला बसवली, दहा पिल्ले निघाली. पहिल्या आठवड्याचा थेंब तिने आपल्या हाताने घालून घेतला, आणि घालण्यापूर्वी मला विचारले, "बर्फात आनली ना?" हा प्रश्न आपल्या प्रत्येक घरातून विचारला जावा, एवढीच माझी विनंती आहे.

आपला,
ऊस विकास अधिकारी